‘आम्ही मध्ये पडत नाही’ असं आसियान म्हणते तेव्हा ती बातमी वाचायची कशी

मागच्या महिन्यात आमच्या स्पर्धा परीक्षेच्या अभ्यासाच्या रविवारच्या ग्रुपमधल्या एका मुलीनं उत्तर लिहून आणलं, प्रश्न आसियान (आग्नेय आशियातल्या देशांची संघटना) आणि म्यानमारचा. पहिलंच वाक्य होतं, "आसियान ही दात नसलेली संघटना आहे, अहस्तक्षेपाच्या तत्त्वामुळे ती म्यानमारमध्ये काहीच करू शकली नाही." ते दात नसलेली वगैरे इंग्रजी पेपरातून उचललेलं आहे हे कुणीही सांगेल, ते सोडा. मी विचारलं, काहीच म्हणजे नेमकं काय काय केलं नाही? ती म्हणाली, काहीच नाही ना ताई. मग म्हटलं, २०२१ च्या ऑक्टोबरमध्ये म्यानमारच्या सैन्यप्रमुखाला शिखर परिषदेला येऊच दिलं नाही, ते काय होतं मग? सगळे गप्प. खालून भाजीवाल्याची आरोळी तेवढी ऐकू येत होती.

तर हे तिच्यासाठी आणि तिच्यासारखं एका वाक्यात निकाल लावणाऱ्या सगळ्यांसाठी. आम्ही कॉलेज रोडजवळच्या एका खोलीत सात-आठ जण बसतो, क्लास नाही, फी नाही, मी स्वतः दोनदा मेन्सला आपटलेली आहे त्यामुळे मी काही कुणी मोठी मॅडम नाही. पण या एका विषयात बातमी कशी उलगडायची याची एक पद्धत हाताला बसलीये, परीक्षा द्यायची नसेल तरी पेपर वाचताना उपयोगी पडेल.

आधी चार्टर उघडा, मत नंतर

कुठल्याही देशात बंड झालं, सरकार पडलं, गोळीबार झाला आणि तो देश ज्या संघटनेत आहे ती नुसती "चिंता" व्यक्त करून गप्प बसली की आपल्याला राग येतो, तो येऊ द्या, पण लिहायला बसायच्या आधी त्या संघटनेचा चार्टर, म्हणजे तिची घटना, उघडायचा. फार मोठा नसतो. आसियानच्या चार्टरमध्ये ५५ कलमं आहेत, सार्कच्या (आपली दक्षिण आशियातल्या देशांची संघटना) चार्टरमध्ये फक्त १०, चहा निवेपर्यंत वाचून होतो. त्यात तीनच गोष्टी शोधायच्या: मध्ये पडायचं नाही हे कुठं लिहिलंय, निर्णय कसा घ्यायचा म्हटलंय, आणि एखाद्या सदस्याला निलंबित करायची किंवा काढायची सोय आहे का.

आसियानचं बघा. कलम २ मध्ये तत्त्वांची यादी आहे, त्यात अंतर्गत बाबतीत हस्तक्षेप नाही हे स्पष्ट आहे, पण त्याच यादीत लोकशाही, कायद्याचं राज्य आणि मानवी हक्क पण आहेत, हे कुणी लिहीत नाही. म्हणजे दोन्ही गोष्टी एकाच कलमात शेजारी शेजारी बसवल्यात आणि भांडण झालं तर कुठली वरचढ ते सांगितलेलंच नाही. मग कलम २०, निर्णय सल्लामसलत आणि सहमतीनं. आणि याच कलमात पुढं म्हटलंय की चार्टरचा गंभीर भंग झाला तर विषय शिखर परिषदेपुढं जाईल. आता शिखर परिषद निर्णय कसा घेणार? सहमतीनं. आणि त्या परिषदेत बसणार कोण, तर ज्याच्याबद्दल तक्रार आहे तो पण. निलंबनाचं किंवा हकालपट्टीचं कलम शोधत बसू नका, नाहीच आहे.

इथं एक शब्दांचा घोळ होतो तो मिटवून टाकू. सहमती आणि एकमत हे आपण एकच समजतो. एकमत म्हणजे प्रत्येकानं हो म्हणायचं. सहमती म्हणजे कुणी उघडपणे नाही म्हणायचं नाही. सोसायटीच्या मीटिंगमध्ये सेक्रेटरी विचारतात "मग करायचं ना फायनल?" आणि सगळे मोबाईलमध्ये बघत असतात, ती झाली सहमती. सार्कचा चार्टर एकमत म्हणतो, आसियानचा सहमती, आणि या फरकामुळेच आसियानला थोडी जागा सापडते, सार्कला तीही सापडत नाही. सार्कच्या १० व्या कलमात तर पुढं असंही लिहिलंय की द्विपक्षीय आणि वादग्रस्त विषय चर्चेलाच घ्यायचे नाहीत. भारत आणि पाकिस्तान दोघं ज्या टेबलावर आहेत तिथं वादग्रस्त विषय वगळले तर उरतं काय, तुम्हीच सांगा.

आता याच्या शेजारी आफ्रिकन युनियन ठेवा. २००० साली टोगोच्या राजधानीत, लोमेला, त्यांचा मूळ कायदा मंजूर झाला. त्याच्या कलम ४ मध्ये (छ) म्हणतं की सदस्यांनी एकमेकांच्या अंतर्गत बाबतीत पडायचं नाही, आणि लगेच पुढचं (ज) म्हणतं की युद्धगुन्हे, वंशसंहार, मानवतेविरुद्धचे गुन्हे होत असतील तर युनियनला हस्तक्षेपाचा अधिकार आहे. (इंग्रजी प्रतीत ही अक्षरं जी आणि एच आहेत, उत्तरात तीच लिहा, माझ्यासारखं मराठी करायला जाऊ नका.) शिवाय कलम ३०, घटनाबाह्य मार्गानं आलेल्या सरकारला युनियनच्या कामात भाग घेता येणार नाही. का बदललं एवढं? कारण आधीची जी आफ्रिकन एकता संघटना होती, १९६३ ची, ती पण मध्ये पडत नाही म्हणायची, आणि १९९४ ला रवांडातला वंशसंहार घडला.

मग जन्मतारीख बघा

हे काम लोक टाळतात आणि मग उत्तर एकांगी होतं. संघटना कधी जन्मली आणि त्या वेळी कोण कुणाला घाबरत होतं, हे बघायचं. आसियान ८ ऑगस्ट १९६७ ची, बँकॉक, पाच देश. त्याच्या एकच वर्ष आधीपर्यंत इंडोनेशिया मलेशियाविरुद्ध उघड संघर्ष करत होता, जंगलात घुसखोर पाठवत होता. सिंगापूर १९६५ ला मलेशियातून बाहेर पडलेलं, अजून जखम ओली. फिलिपिन्स मलेशियातल्या सबा प्रांतावर हक्क सांगत होता. त्यात शेजारी व्हिएतनाममध्ये युद्ध. अशा पाच जणांनी एकत्र बसून "मी तुझ्या घरात बंडखोर पोसणार नाही, तू माझ्या घरात पोसू नको" एवढं ठरवलं, तर ते भित्रेपण नव्हतं, त्या काळात तेच सगळ्यात मोठं पाऊल होतं. १९७६ च्या बालीच्या मैत्री करारात ते कागदावर आलं.

आणि आपण भारतीयांनी तर या तत्त्वाला नावं ठेवताना जरा थांबायला हवं, कारण २९ एप्रिल १९५४ च्या भारत-चीन करारातली पंचशील काय होती? त्यातलं तिसरंच तत्त्व, एकमेकांच्या अंतर्गत कारभारात ढवळाढवळ नाही. पुढच्या वर्षी इंडोनेशियात बांडुंगला आशिया-आफ्रिकेतले २९ देश जमले, त्यांनीही तेच उचललं. नुकतेच गोऱ्या साहेबाच्या हाताखालून सुटलेले देश होते त्यातले बरेचसे, त्यांना "तुमच्या भल्यासाठी आम्ही आत येतो" हे वाक्य चांगलं ओळखीचं होतं.

म्हणून अहस्तक्षेप म्हणजे हुकूमशहांची ढाल, एवढंच लिहिलं तर ते अर्धं आहे. ती ढाल होते हे खरं. पण बनवली होती वेगळ्या कामासाठी.

खुर्ची बघा, बाकी सगळं नंतर

माझी मुख्य युक्ती ही आहे, आणि ती मला आसियानवरून नाही सुचली, आमच्या बिल्डिंगमुळे सुचली. इंदिरानगरला आम्ही राहायचो तिथं वरच्या मजल्यावर दोन भाऊ होते, वडील गेल्यावर फ्लॅटवरून वाद सुरू झाला आणि एक दिवस थोरल्यानं कुलूप बदललं. धाकटा बायको आणि पोराला घेऊन खाली पार्किंगमध्ये उभा. तो सोसायटीकडे गेला तर कमिटीनं सांगितलं, हा तुमचा घरगुती मामला आहे, आम्ही यात पडत नाही. ठीक आहे, बरोबर वाटतं ऐकायला. पण पुढच्या महिन्यापासून मेंटेनन्सची पावती थोरल्याच्या नावानं फाटायला लागली, मीटिंगची नोटीस त्याच्या नावानं, पार्किंगचा नंबर त्याच्या गाडीला. धाकटा म्हणायचा, तुम्ही पडत नाही म्हणता ना, मग पावतीवर नाव कुणाचं ते कुणी ठरवलं?

तोच प्रश्न विचारायचा. देशात दोन जण "मीच सरकार" म्हणत असतील तर संघटनेच्या टेबलावर त्या देशाची पाटी कुणापुढं ठेवली आहे. यात मधला रस्ता नसतोच जवळजवळ. एकाला बसवलं तरी बाजू घेतली, खुर्ची रिकामी ठेवली तरी घेतली.

म्यानमारवर लावून बघा. १ फेब्रुवारी २०२१ ला सैन्यानं सत्ता घेतली. २४ एप्रिलला जकार्तात आसियानची खास बैठक झाली, तिथं सैन्यप्रमुख मिन आंग लाईंग स्वतः आला, म्हणजे पावती त्याच्या नावानं फाटली. तिथं पाच मुद्द्यांवर सहमती झाली, आणि परत गेल्यावर दोन-तीन दिवसांत सैन्यानं सांगितलं की परिस्थिती स्थिर झाली की सूचनांचा विचार करू. त्या वर्षी आसियानचा अध्यक्ष ब्रुनेई होता, त्याच्या दूताला सैन्यानं अटकेत ठेवलेल्या नागरी नेत्या आंग सान सू ची यांना भेटायचं होतं, ते नाकारलं, दौरा रद्द झाला. त्यानंतर ऑक्टोबरच्या शिखर परिषदेसाठी आसियाननं सांगितलं की बिगर-राजकीय प्रतिनिधी पाठवा, सैन्यप्रमुख नको. म्यानमारनं कुणालाच पाठवलं नाही, खुर्ची रिकामी. जानेवारी २०२४ ला लाओसमध्ये परराष्ट्रमंत्र्यांच्या बैठकीला त्यांनी शेवटी एक सरकारी अधिकारी पाठवला.

पण लक्षात घ्या, खुर्ची सैन्यप्रमुखाला नाकारली, ती विरोधकांच्या समांतर सरकारला दिली नाही. देश सदस्य राहिलाच, आणि इतर असंख्य बैठकांना म्यानमारचे अधिकारी बसतच राहिले. यालाच मी म्हणते की पावती कुणाच्याच नावानं फाडायची नाही पण पार्किंग चालू ठेवायचं.

याच देशाची पाटी दुसरीकडं कुणापुढं होती बघा. न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांत म्यानमारचे राजदूत क्याव मो टुन, आधीच्या नागरी सरकारनं नेमलेले, त्यांनी बंडानंतर महिन्याभरात आमसभेत सैन्याविरुद्ध भाषण केलं, सैन्यानं त्यांना काढल्याचं जाहीर केलं, तरी पाटी त्यांच्यापुढंच राहिली. आणि बिमस्टेक, बंगालच्या उपसागराभोवतीच्या देशांची संघटना? ४ एप्रिल २०२५, बँकॉक, म्यानमारच्या मोठ्या भूकंपाला जेमतेम आठवडा झालेला, तिथं मिन आंग लाईंग इतर नेत्यांबरोबर फोटोत उभा आहे, आपल्या पंतप्रधानांना भेटतोय. माणूस तोच, देश तोच, तीन टेबलं, तीन उत्तरं. बिमस्टेकच्या चार्टरमध्येही अहस्तक्षेप आहे आणि आसियानच्याही, म्हणजे शब्द सारखा असून वागणं वेगळं. आपली म्यानमारशी १,६४३ किलोमीटरची सीमा आहे, मणिपूर-मिझोरामचे प्रश्न आहेत, चीनची भीती आहे, ही कारणं उत्तरात जरूर लिहा, पण "भारत तटस्थ राहिला" असं लिहू नका, टेबलावर काय झालं ते लिहा.

खुर्चीचे अजून दोन-तीन नमुने पाठ करून ठेवा, कुठंही वापरता येतात. सप्टेंबर २०२१ ला न्यूयॉर्कमध्ये सार्कच्या परराष्ट्रमंत्र्यांची बैठक होणार होती ती रद्द झाली, अफगाणिस्तानच्या खुर्चीवर तालिबान बसणार की नाही यावरून. अरब लीगनं नोव्हेंबर २०११ ला सीरियाला निलंबित केलं आणि मे २०२३ ला तिथल्या त्याच अध्यक्ष असदला परत बसवलं, दीड वर्षानंतर तो पळून मॉस्कोला गेला हा भाग वेगळा. आणि आफ्रिकन युनियन, जिची मी वर एवढी तारीफ केली, तिनं माली, गिनी, बुर्किना फासो, नायजर यांना बंडांनंतर निलंबित केलं, पण २०२१ ला चाडमध्ये अध्यक्ष मारला गेल्यावर त्याच्या मुलानं सैन्याच्या मदतीनं सत्ता घेतली तेव्हा नाही केलं. नियम एकच होता.

यंदा अध्यक्ष कोण

आसियानचं अध्यक्षपद दरवर्षी इंग्रजी अक्षरक्रमानं फिरतं आणि म्यानमारसाठीचा खास दूत पण अध्यक्ष देशाचाच असतो, म्हणजे दर जानेवारीत नवा माणूस, नवी सुरुवात. ब्रुनेईनं सू ची यांची भेट मागितली आणि अडला. पुढच्या वर्षी कंबोडिया आला तर त्यांचे पंतप्रधान हुन सेन जानेवारी २०२२ लाच थेट म्यानमारच्या राजधानीत, नेप्यिडॉला जाऊन सैन्यप्रमुखाला भेटून आले, बाकीच्या सदस्यांना विचारल्याशिवाय, त्यावरून घरातच बोलाबोली झाली. त्याच वर्षी जुलैमध्ये सैन्यानं चार विरोधकांना फाशी दिली. २०२३ ला इंडोनेशियानं गाजावाजा न करता सगळ्या गटांशी बोलणं चालवलं. मग लाओस, मग मलेशिया. वहीत एक पान करा, वर्ष, अध्यक्ष, दूत कुणाला भेटला, एवढेच तीन कॉलम. ते पान भरलं की "आसियाननं काय केलं" हा प्रश्न चुकीचा आहे हे आपोआप दिसतं, कुठल्या वर्षीच्या आसियाननं असं विचारावं लागतं. आणि हो, २०२६ चं अध्यक्षपद क्रमानं म्यानमारचं होतं, ते सप्टेंबर २०२३ ला फिलिपिन्सकडं दिलं. २००५ ला पण असंच झालं होतं, म्यानमारनं दबावाखाली पुढच्या वर्षीची पाळी सोडली होती. मध्ये न पडणारी संघटना पाळी मात्र बदलते, हे नोंदवून ठेवा.

पत्रकाची भाषा

आता पेन्सिल घ्या. संयुक्त पत्रक वाचताना क्रियापदाखाली रेघ मारायची, नामाखाली नाही. चिंता व्यक्त केली, तीव्र चिंता व्यक्त केली, खेद, निषेध, ही एक शिडी आहे, मागच्या पत्रकापेक्षा एक पायरी वर चढले की खाली उतरले एवढंच बघायचं. मग बघायचं की करणारा कोण ते लिहिलंय का. "हिंसाचारात वाढ झाली" या वाक्यात कुणी हिंसा केली? हिंसाचार पावसासारखा वाढला जणू. "सर्व पक्षांनी संयम बाळगावा" म्हणजे विमानातून बॉम्ब टाकणारा आणि ज्याच्या शाळेवर पडला तो, दोघांनी.

एप्रिल २०२१ चे ते पाच मुद्दे एकदा शांतपणे वाचा: हिंसा ताबडतोब थांबावी आणि सर्व पक्षांनी पूर्ण संयम ठेवावा, सर्व संबंधितांत संवाद व्हावा, अध्यक्षांचा खास दूत मध्यस्थी करेल, आसियानच्या आपत्ती मदत केंद्रामार्फत मदत जाईल, आणि दूत म्यानमारला जाऊन सर्वांना भेटेल. आमच्या ग्रुपमध्ये मी हे वाचून दाखवलं आणि विचारलं काय नाहीये यात? दहा मिनिटं गेली. शेवटी मागं बसणारा एक मुलगा, जो एरवी तोंड उघडत नाही, तो म्हणाला, "ताई, जे जेलमध्ये आहेत त्यांचं काय?" बरोब्बर. राजकीय कैद्यांची सुटका पाच मुद्द्यांत नाही. ती अध्यक्षांच्या निवेदनाच्या मुख्य भागात आहे, तीही "सुटकेची मागणी आम्ही ऐकली" अशी. ऐकली! घरमालकाला नळ गळतोय सांगितलं की तो म्हणतो ना, ऐकलं मी, तसं.

पडले तर काय होतं, तेही बघा

जे लोक म्हणतात आसियाननं सैन्य पाठवायला हवं होतं त्यांनी पश्चिम आफ्रिका वाचावी. तिथली इकोवास ही संघटना मध्ये पडते, उघडपणे पडते. गांबियामध्ये डिसेंबर २०१६ ला अध्यक्ष याह्या जामेह निवडणूक हरला, आधी हार मानली आणि मग फिरला. इकोवासचं सैन्य जानेवारी २०१७ ला सीमा ओलांडून आत गेलं, जामेह २१ तारखेला देश सोडून गेला, युद्ध असं झालंच नाही. वा! पण मग जुलै २०२३ ला नायजरमध्ये बंड झालं, त्याच इकोवासनं एका आठवड्याची मुदत दिली, नाहीतर बळ वापरू म्हणाली, निर्बंध लावले, नायजेरियानं वीज तोडली. आठवडा गेला. काही झालं नाही. उलट माली, बुर्किना फासो आणि नायजर तिघांनी मिळून वेगळी आघाडी काढली आणि जानेवारी २०२५ ला इकोवासमधून अधिकृतपणे बाहेर पडले.

फरक कशात होता? गांबिया हा सेनेगलच्या पोटात शिरलेला चिंचोळा देश, सैन्य लहान, आणि निवडून आलेला माणूस समोर उभा होता ज्याला गादीवर बसवायचं होतं. नायजर प्रचंड मोठा, सैन्य लढाईत मुरलेलं, शेजारच्या दोन देशांत आधीच तशीच सरकारं, शिवाय फ्रान्सविरोधी वातावरण. म्हणजे तत्त्व सारखं असलं तरी ताकद, भूगोल आणि शेजारी बघावे लागतात. आफ्रिकन युनियनचंही तेच, डिसेंबर २०१५ ला बुरुंडीसाठी ५,००० सैनिकांची मोहीम मंजूर झाली, बुरुंडी म्हणालं आलात तर हल्ला समजू, आणि पुढच्याच महिन्यात राष्ट्रप्रमुखांनी विषय गुंडाळला. कलम होतं, हिंमत कमी पडली असं म्हणा हवं तर, मी तरी म्हणते की तिथल्या बऱ्याच प्रमुखांना उद्या आपल्यावर पण हेच कलम लागेल ही भीती होती.

अजून एक पळवाट आहे, बोलावून आलेले. २०११ ला बहारीनमध्ये लोक रस्त्यावर उतरले तेव्हा मार्चमध्ये आखाती सहकार्य परिषदेचं सैन्य आत गेलं, सरकारनं बोलावलं म्हणून. आपण १९८८ ला मालदीवला गेलो तेही तिथले अध्यक्ष गयूम यांनी बोलावलं म्हणून. दोन्ही प्रसंग एकाच मापाचे नाहीत, पण "सरकारनं बोलावलं" म्हटलं की तो हस्तक्षेप ठरत नाही, आणि सरकार कोण, हा प्रश्न पुन्हा खुर्चीवरच येतो. युरोपियन युनियनचं कलम ७ (सदस्याचा मतदानाचा हक्क थांबवायची सोय) पण वाचून ठेवा, पोलंड आणि हंगेरी एकमेकांना कसे वाचवत होते ते, पण ते एका ओळीत भागतं.

आपल्या अंगणात

सार्कवर लिहिताना आमची पोरं फक्त "२०१४ नंतर शिखर परिषद नाही, उरीनंतर इस्लामाबाद रद्द" एवढं लिहून थांबतात. पुढं जा. २०२२ ला श्रीलंका कोसळली, पेट्रोलसाठी रांगा, अध्यक्ष पळून गेले, तेव्हा भारतानं साधारण ४०० कोटी डॉलरची मदत दिली, ती दिल्लीनं कोलंबोला दिली, काठमांडूच्या सार्क सचिवालयानं नाही. त्यातल्या ४० कोटी डॉलरच्या चलन अदलाबदलीवर सार्कचं नाव होतं पण तीही आपल्या रिझर्व्ह बँकेचीच योजना. म्हणजे संघटना मध्ये पडत नाही तेव्हा संकट रिकामं राहत नाही, जो मोठा शेजारी असतो तो एकटा पडतो मध्ये, आणि मग त्याच्यावर दादागिरीचा आरोप होतो. नेपाळ म्हणतो २०१५ ला भारतानं नाकेबंदी केली, आपण म्हणतो आम्ही केलीच नाही, हे भांडण मांडायला पण टेबल नाही.

माझे एक काका लासलगावला कांद्याचा व्यापार करतात. ऑगस्ट २०२४ ला ढाक्यात सरकार पडलं, शेख हसीना इकडं आल्या, तेव्हा काका दिवसभर फोनवर, गाड्या सीमेवर उभ्या, कांदा वाट बघत नाही. काकांना सार्क म्हणजे काय ते सांगता येणार नाही पण बांगलादेश सीमेवरच्या घोजाडांगाचं गेट किती वाजता उघडलं ते तोंडपाठ. मी त्यांना एकदा विचारलं, अशा वेळी सगळ्या देशांची मिळून एखादी व्यवस्था हवी असं नाही वाटत का. म्हणाले, "व्यवस्था असली तरी फोन कुणाला करायचा ते माहीत पाहिजे ना बाई." मला वाटतं परीक्षेच्या दृष्टीनं पण हा चांगला प्रश्न आहे, फोन कुणाला करायचा. २००८ ला नर्गिस चक्रीवादळानंतर म्यानमारचं सैन्य बाहेरची मदत आत घेईना, तेव्हा आसियान, म्यानमार सरकार आणि संयुक्त राष्ट्रं असा तिघांचा गट करून आसियाननंच दार किलकिलं केलं होतं. तिथं फोन कुणाला करायचा ते त्यांना माहीत होतं, कारण इतकी वर्षं त्यांनी म्यानमारला टेबलावरून उठवलं नव्हतं. अहस्तक्षेपाच्या बाजूनं हा सगळ्यात भारी मुद्दा आहे आणि विरोधात लिहिणाऱ्यानं तर तो आधी लिहिला पाहिजे.

उत्तर लिहिताना

१५ मार्कांना २५० शब्द मिळतात, म्हणजे व्याख्येत ४० शब्द घालवू नका. पहिल्या वाक्यात कलम किंवा खुर्ची, काहीतरी ठोस. मग जन्माचा संदर्भ दोन ओळी. मग दोन उदाहरणं जी एकमेकांच्या विरुद्ध जातात, गांबिया-नायजर किंवा नर्गिस आणि पाच मुद्दे, एकाच बाजूची तीन उदाहरणं दिली की तपासणारा समजतो पाठ केलंय. शेवटी सुधारणा सुचवताना "आसियाननं कठोर भूमिका घ्यावी" हे नको, कठोर म्हणजे काय करावं? दूत एका वर्षाऐवजी तीन वर्षांचा असावा, ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याला त्या विषयापुरतं सहमतीतून बाजूला ठेवावं, असं काहीतरी जे उद्या कागदावर लिहिता येईल.

त्या मुलीनं परवा उत्तर पुन्हा लिहून आणलं. आता पहिलं वाक्य असं आहे: "आसियाननं सैन्यप्रमुखाला खुर्ची नाकारली पण देशाला निलंबित केलं नाही, कारण चार्टरमध्ये तशी सोय नाही आणि बहुतेक सदस्यांना ती नकोच आहे." वाचून बरं वाटलं. फक्त त्या "बहुतेक"खाली मी पेन्सिलनं रेघ मारली आणि म्हटलं, कोणकोण ते देशाच्या नावासकट लिहून आण. तोंड वाकडं केलं तिनं, पण वही घेऊन गेली.